मानशीचं दार आणि एडिटरचं टेबल

(दृश्य: मांडवीकाठचं खाजन. मातीचा बांध. पाण्यात अर्धं बुडालेलं लाकडी दार.)

हे गोव्यातल्या चोडण बेटावरचं खाजन, म्हणजे नदीकाठची सखल शेतजमीन. नदीचं खारं पाणी शेतात शिरू नये म्हणून बांध, आणि बांधात ही मानस, म्हणजे पाणी अडवणारं-सोडणारं लाकडी दार. भरती चढते, बाहेरच्या पाण्याच्या दाबाने दार मिटतं. ओहोटी लागते, आतलं पाणी दार ढकलून बाहेर पडतं. माणसाने हातही लावायचा नाही.

पडद्यावर हे अर्ध्या मिनिटात कळतं. ते कळावं म्हणून पणजीतल्या एका बंद खोलीत कुणीतरी दिवसच्या दिवस बसलेलं असतं.

(दृश्य: एडिट रूम. टाइमलाइन, हेडफोन, वही.)

माहितीपटाच्या एडिटरच्या हाती बहुतेकदा पटकथा येत नाही, हार्ड डिस्क येते. तिच्यात सोमवारी मिटणारं दार असतं आणि गुरुवारी उघडणारं. हे दोन शॉट एकाच दिवसाचे वाटायला हवेत, तर दगडावरची ओली रेघ जुळली पाहिजे, सावली एकाच बाजूला पडली पाहिजे. शहरातला प्रेक्षक चुकलेली रेघ पाहून गोंधळेल. खाजनात वाढलेला माणूस लगेच म्हणेल, हे पाणी खरं नाही.

गोव्यात या कामाची सुरुवात अनेकदा लग्नाच्या आणि जत्रेच्या व्हिडिओंपासून होते. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा रस्ता १९६० पासून आहेच. २००४ पासून इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, पणजीत भरू लागला, आणि इथल्या मुलांना घरी राहून देशभरचे माहितीपट मोठ्या पडद्यावर पाहता येऊ लागले. पहिली कामं असिस्टंटची: प्रत्येक शॉट पाहून नोंदवणं, वेगळा ध्वनिमुद्रित केलेला आवाज चित्राशी जुळवणं. सेकंदाला २५ फ्रेम. दोन-तीन फ्रेम इकडेतिकडे झाल्या तरी ओठ एक बोलतात आणि कान दुसरं ऐकतात.

(दृश्य: बांधावर बसलेले आजोबा. बोलता बोलता थांबतात.)

खरी जोखीम मात्र इथे आहे. समजा आजोबा म्हणाले, "पूर्वी बांध फुटला की अख्खा गाव धावायचा. आता..." आणि गप्प झाले. बऱ्याच वेळाने म्हणाले, "आता पोरं परदेशात."

ती गप्प घडी लांबते, म्हणून कापायची. सांधा लपवायला वर बगळ्याचा शॉट. इथवर चालेल. पण "आता"च्या पुढे त्यांचंच दुसरं वाक्य जोडलं, रस्त्याबद्दल बोलताना आलेलं, "कुणाला काही पडलेलं नाही," तर? शब्द त्यांचे, आवाज त्यांचा, आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांवरचा आरोप आपण रचलेला. आजोबांना उद्या त्याच बांधावरून चालायचं आहे. कोकणी-मराठीत मिसळून बोलणाऱ्या माणसाचं वाक्य नेमकं कुठे संपतं, हे ओळखणारा इथला एडिटर म्हणूनच मोलाचा.

(दृश्य: ओहोटी. दार हळूहळू उघडतं.)

गोव्यात माहितीपट करणाऱ्यांना एक आग्रहाचं सांगणं आहे. एडिटरला चित्रीकरण संपल्यावर बोलवू नका, सुरू होण्याआधी बोलवा. मानस आतून आणि बाहेरून, दोन्हीकडून टिपायला हवी, ओली रेघ दिसेल असा रुंद शॉट हवा, कुणी बोलत नसताना नुसत्या पाण्याचा आवाज मिनिटभर नोंदवायला हवा, हे आधी त्यालाच सुचतं. जूनमध्ये पाऊस लागला की नदी गढूळ होते, बांध हिरवा होतो. राहून गेलेल्या शॉटसाठी मग पुढच्या हिवाळ्याची वाट पाहावी लागते.