मोहाची टोपली, ताकाचा डबा

(माहितीपटाचं निवेदन)

[पहाट. मोहाच्या झाडाखाली बायका आणि मुलं फुलं वेचताना.]

मार्च सरत आला की मेळघाटात मोह पडायला लागतो. रात्री सुरुवात होते ती ऊन वर येईपर्यंत टपटप चालू. झाडाखालचा पाला आधीच जाळून जागा साफ केलेली असते, त्यामुळे काळ्या जमिनीवर पिवळट पांढरं फूल लगेच दिसतं. वेचायला अख्खं घर येतं. उशीर केला तर गुरं येतात, हरणं येतात, कधीमधी अस्वलही येतं. मोह सगळ्यांनाच आवडतो.

[फूल तळहातावर, अगदी जवळून.]

हे बघा. जाडसर, रसाळ, आतून पोकळ. चावलं तर गोड, आणि मागाहून नाकात चढणारा उग्र वास. उन्हात पडून राहिलं की मनुकेसारखं सुरकुततं आणि मग महिनोन्‌महिने टिकतं. मोह म्हटलं की शहरातल्या माणसाला दारूच आठवते. इथे तो भाजतात, उकडतात, तिळाबरोबर कुटून त्याचे लाडू वळतात.

[म्हशींचा कळप रस्ता ओलांडताना. घंटांचा आवाज राहू द्यावा.]

आणि या गवळ्यांच्या म्हशी. परतवाड्याहून घटांग, सेमाडोह, हरिसाल करत धारणीला जाताना रस्त्यात जो खवा आणि रबडी मिळते, ती यांच्याच दुधाची. गवळ्यांच्या घरात त्यांची स्वतःची बोली. इथल्या कोरकू आदिवासींच्या घरात कोरकू. शाळेत मराठी. धारणीच्या बाजारात हिंदी. मोठी माणसं हिंदीवर वेळ मारून नेतात. पाच वर्षांच्या पोराकडे मात्र घरची एकच भाषा असते.

अशाच दोन पोरांची ही गोष्ट. पुस्तकातली.

[पुस्तकाची पानं एकेक करून उलटताना. हात मुलीचा.]

एक कोरकू मुलगी आजीबरोबर मोह वेचते. टोपली भरते आणि पाणी प्यायला नदीवर जाते. परत येते तर टोपलीत म्हशीचं तोंड. म्हशीमागे गवळ्याचा मुलगा. ती ओरडते, त्याला कळत नाही. तो काहीतरी सांगतो, तिला कळत नाही. म्हैस चघळत राहते. मुलगा पळत जातो आणि ताकाचा डबा घेऊन येतो. आजी उठते, घरातून काहीतरी आणते, आणि मग तिघं झाडाखाली बसून खातात-पितात. बस, एवढंच. शेवटच्या पानावर म्हैस पुन्हा टोपलीकडे बघतेय.

यातल्या दोघांनाही शेवटपर्यंत एकमेकांची भाषा येत नाही. पुस्तक तयार करायच्या कार्यशाळेत कुणीतरी सुचवलं होतं की शेवटी मुलीनं त्याचा एक शब्द शिकावा, त्यानं तिचा एक. टाळ्यांचा शेवट. मुलांनी तो नाकारला, आणि बरं झालं नाकारला. एका दुपारच्या ताकात कोण भाषा शिकतं?

[शाळेचा वर्ग. जमिनीवर पसरलेले कागद, खडूचे रंग, पाठमोरी मुलं.]

चित्रं काढायला एक चित्रकार शहरातून आली होती. हात तयार, रंग सुंदर. पहिला कच्चा आराखडा तिनं असा जमिनीवर मांडला. मजकूर एक अक्षर नाही, फक्त चित्रं. मुलांनी बघायचं आणि आपापल्या भाषेत गोष्ट सांगायची.

पहिली हरकत म्हशीवर.

[चित्रातली म्हैस. मग खरी म्हैस, शिंगांवर कॅमेरा.]

कागदावरच्या म्हशीची शिंगं गोल वळलेली होती, कॅलेंडरवर असतात तशी. ती मुऱ्हा जातीची म्हैस, हरियाणाकडची. मेळघाटाच्या पायथ्याला अचलपूर आहे, त्याचं जुनं नाव एलिचपूर. या भागातल्या म्हशीला नागपुरी म्हणतात, एलिचपुरीही म्हणतात. तिची शिंगं लांब, चपटी, तलवारीच्या पात्यासारखी मागे पार खांद्यापर्यंत गेलेली. गवळ्याच्या मुलानं चित्राकडे एकदा बघितलं आणि ती आपली म्हैस नाही असं जाहीर करून टाकलं. मग ती कोणाची, तर त्याला माहीत नाही. पण आपली नाही. चित्रकार दुसऱ्या दिवशी सकाळपासून गोठ्यात बसून शिंगं काढत होती.

दुसरी हरकत घेतली आजीनं. खऱ्या आजीनं, जिच्या अंगणात आम्ही चित्रं दाखवायला नेली होती.

[आजी चित्रावर बोट ठेवते. हसते. बाजूच्या बायकाही हसतात.]

चित्रात ताक प्यायला हिरव्यागार पळसपानांचा द्रोण होता. आजीचा प्रश्न साधा होता: मोह पडतो तेव्हा पळसाला पान कुठलं? पळसाला पानं तीनच म्हणतात. या दिवसांत तीही गळून गेलेली असतात. झाड नुसतं केशरी. नवी पालवी त्यानंतर. म्हणजे हिरवा द्रोण आणि पडणारा मोह एका पानावर येऊच शकत नाहीत.

मग काय करायचं, तेही आजीनंच दाखवलं.

[आजी आढ्यातून वाळलेल्या द्रोणांची चवड काढते. धूळ झटकते. त्यानंतर नवा द्रोण लावून दाखवते. हे दृश्य पूर्ण ठेवावं, कापू नये.]

आधीच लावून, वाळवून, एकात एक घालून ठेवलेले द्रोण. लग्नाला, तेराव्याला, पाहुण्याला. दोन पानं एकमेकांवर, कड दुमडायची, बारीक काडी टोचून मोडायची, की झालं. गळत नाही. गळलं तर दुसरं पान. पुस्तकातले द्रोण आता तपकिरी आहेत, आणि आजी घरातून काय आणते या प्रश्नालाही उत्तर मिळालं. एका हातात द्रोणांची चवड, दुसऱ्या हातात मोहाचे लाडू. गोष्टीत हे पान आधी नव्हतंच.

द्रोणानं आणखी एक अडचण परस्पर सोडवली. कोण कोणाच्या भांड्यातलं पितं, हा प्रश्न गावात असतोच. पानाला भांड्याचे नियम लागत नाहीत. कॅमेऱ्यासमोर यावर कुणी बोललं नाही, म्हणून आपणही पुढे जाऊ.

[पुन्हा वर्ग. मुलं गोष्ट सांगताना, आवाज एकमेकांवर चढलेले.]

चित्रांवरून गोष्ट सांगायला लावली तेव्हा भलतीच गंमत झाली. कोरकू मुलांच्या गोष्टीत चूक म्हशीची, आणि म्हशीमागे राहून तिला न हाकणाऱ्या पोराची. गवळ्याच्या मुलाच्या गोष्टीत चूक टोपली उघडी टाकून जाणाऱ्या मुलीची. म्हैस आहे, ती खाणारच! चित्रं तीच, पानं तीच, आणि दोन्ही बाजूंनी इतकी जोरात वकिली की मास्तरांना घंटा वाजवावी लागली. आम्ही हा वाद मिटवला नाही. उलट चित्रात टोपलीशेजारी एक झाकण काढायचं ठरलं, टोपलीवर न ठेवलेलं, बाजूला पडलेलं. ज्याला दिसेल त्याला दिसेल.

[संगणकाचा पडदा. पानावर मजकूर बसवला जातोय.]

आता अक्षरं. हा भाग बघायला कमी गमतीचा, पण आमच्या दृष्टीनं सगळ्यात महत्त्वाचा.

पानाच्या खाली दोन ओळी असतात. वर कोरकू, खाली मराठी. दोन्ही देवनागरीत, दोन्हींचा टाइप सारखाच मोठा. कोरकू वर का, असं छपाईआधी तीन-चार जणांनी विचारलं. मराठी वर का, असं आजवर कुणी विचारलेलं नाही.

आणि चित्रातल्या संवादाचे फुगे. मुलीचा फुगा फक्त कोरकूत, मुलाचा फक्त गवळी बोलीत. त्याचा मराठी अर्थ कुठेच दिलेला नाही. पुस्तक उघडणाऱ्या कोरकू मुलाला मुलीचं बोलणं कळतं, मुलाचं नाही. गवळ्याच्या मुलाचं उलट. म्हणजे वाचणारा नेमका तिथेच उभा असतो जिथे गोष्टीतली पोरं उभी आहेत. अर्थ लावायचा तो चेहऱ्यावरून, हातवाऱ्यांवरून, ताकाच्या डब्यावरून.

खाली सपाटीच्या मुलखातून आलेल्या एका शिक्षिका मॅडमनी तक्रार केली की मला अर्धं पुस्तक कळतच नाही. बरोबर आहे. पहिलीत बसलेल्या कोरकू पोराला जून महिन्यात अख्खं पुस्तक कळत नाही.

[भिंतीवर नकाशा. मग बाजाराची दृश्यं.]

थोडं भाषेबद्दल. कोरकू मराठीची बोली नाही, हिंदीचीही नाही. तिचं कूळच वेगळं: मुंडा. तिचे सख्खे-चुलत नातेवाईक पूर्वेला, झारखंड-ओडिशाकडे, संथाली, मुंडारी. त्या कुळातली सगळ्यात पश्चिमेकडची भाषा म्हणजे ही. 2011 च्या जनगणनेत 7 लाख 27 हजारांवर लोकांनी कोरकू ही मातृभाषा सांगितली. महाराष्ट्रात आणि सातपुड्यापलीकडे मध्य प्रदेशात मिळून. संथाली 2003 मध्ये राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत गेली. कोरकू त्या यादीत नाही. प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळण्याची सोय राज्यांनी करावी, असं घटनेचं 350-अ हे कलम 1956 पासून सांगतंय. 2020 च्या शैक्षणिक धोरणानंही शक्य तिथे निदान पाचवीपर्यंत हेच म्हटलंय. कागदावर कमी काही नाही.

[दोन मुलं कोरकू मजकूर वाचून दाखवताना. शेजारी गावातला तरुण, हातात पेन.]

कोरकू मजकूर गावातल्याच तरुणांनी लिहिला. मराठीवरून उतरवलेला नाही, चित्रांवरून लिहिलेला आहे, आणि तसं करावंच लागलं. कारण कोरकूत एक, दोन आणि अनेक असा तिहेरी हिशेब असतो. दोघं बसली तर एक रूप, तिसरं माणूस आलं की दुसरं. मराठीत दोघंही ‘बसली’ आणि तिघंही ‘बसली’. मजकूर लिहिणारा पोरगा त्यामुळे दर पानावर आधी डोकी मोजायचा. एका पानावर आजी अर्धी झाडाआड आहे. ती धरायची की नाही, यावर बराच वेळ गेला. धरली.

[छापखाना. यंत्राचा आवाज. मोठा कागद, त्यावर उलटीसुलटी पानं.]

पुस्तक 16 पानांचं आहे, कारण एक फर्मा, म्हणजे छापायचा एक मोठा कागद, 16 पानांचा होतो. या मोठ्या कागदाच्या एका बाजूला आठ पानं, दुसऱ्या बाजूला आठ. काही पानं डोक्यावर उभी दिसतात. घड्या घातल्या की सगळी सरळ होतात. मध्ये दोन पिना, तीन बाजूंनी कटिंग, वर जाड कव्हर. एका फर्म्यात बसवलं की कागद वाया जात नाही आणि पुस्तक स्वस्त पडतं. गोष्टीत एक पान वाढलं म्हणून एक पान गेलंही. नदीचं स्वतंत्र चित्र होतं, सिपना नदीचं. फार देखणं होतं. ते इथे, या माहितीपटात तरी बघून घ्या.

[नदीचं चित्र, पूर्ण पडदा. निवेदन नाही.]

पुस्तक खुल्या परवान्यानं दिलंय. कुणीही घ्यावं, आपल्या भाषेत करावं, छापावं. फक्त मूळ श्रेय द्यावं. ही वाट आम्ही शोधलेली नाही. प्रथम बुक्स या प्रकाशन संस्थेनं 2015 मध्ये स्टोरीवीव्हर हे संकेतस्थळ याच तत्त्वावर सुरू केलं. फुग्यातल्या दोन भाषा बदलल्या की गोष्ट कुठेही जाऊ शकते. ऊसतोडीच्या फडावर, वीटभट्टीवर, शहरात इमारतीच्या कामावर, जिथे चार राज्यांतली पोरं एका पत्र्याच्या खोलीत बसतात. तिथे मोहाच्या जागी काय असावं, ते तिथल्या पोरांनी सांगावं.

[शाळेच्या व्हरांड्यात मुलं पुस्तक वाचताना. जेवणाच्या सुट्टीची रांग, खिचडीची ताटं.]

पुस्तकं शाळांमध्ये आणि अंगणवाड्यांमध्ये पोचली आहेत. मुलं ती हाताळतात, कोपरे मळलेत. मेळघाटाचं नाव नव्वदच्या दशकापासून बातम्यांत येतं ते कुपोषणासाठी. त्याचं उत्तर पुस्तकात नाही, आणि पुस्तकानं ते दिल्याचा आवही आणलेला नाही.

[एक मुलगी मोठ्यानं वाचते. मागे बसलेली मुलं पुढचं वाक्य आधीच म्हणतात. संगीत नको.]

[वर्ग. फळ्यावर खडूनं काढलेली चौकटींची रांग.]

पुढचं पुस्तक सुरू झालंय. विषय मुलांनीच निवडला: होळी. होळीला मेळघाटातली बाहेर मजुरीला गेलेली माणसं घरी येतात, ढोल वाजतात आणि रस्ता अडवून येणाऱ्या-जाणाऱ्याकडे फगवा, म्हणजे होळीची भेट, मागितला जातो. गोष्टीत एसटी अडवली जाते. आत परगावची माणसं, बाहेर नाचणारी माणसं, मध्ये बंद दार. आतल्यांनी फगवा म्हणून काय द्यायचं, यावर सध्या वर्गात दोन तट आहेत. एक म्हणतो पैसे, कारण खरे लोक पैसेच देतात. दुसरा म्हणतो डब्यातलं काहीतरी, कारण मागच्या पुस्तकात तसंच होतं. पैसेवाल्यांची बाजू सध्या भारी आहे. कंडक्टर कोणत्या भाषेत ओरडतो हेही ठरायचंय. बस तेवढी लाल, त्यावर दोन्ही तटांचं एकमत आहे.