प्रश्न विचारून गप्प बसणारा माणूस

लेखकावर माहितीपट करायचा म्हटलं की पहिली अडचण अगदी साधी असते: दाखवायचं काय? गवई गातो, पैलवान कुस्ती खेळतो. लेखक खुर्चीत बसतो, आणि बराच वेळ नुसताच बसतो. मग आपल्याकडे काय होतं, ते तुम्ही पाहिलं आहे. जन्मगावचा वाडा, मागे बासरी, आणि एक भारदस्त आवाज.

फ्रेंच पत्रकार प्येर द्युमाये याने दुसरी वाट धरली. १९५३ मध्ये प्येर देग्रोपबरोबर त्याने दूरचित्रवाणीवर ‘लेक्त्यूर पूर तूस’, म्हणजे ‘सर्वांसाठी वाचन’, सुरू केलं. ते १९६८ पर्यंत चाललं. समोर लेखक, इकडे हा, मध्ये पुस्तक. पुढे १९७५ मध्ये बेर्नार पिव्होने ‘आपोस्त्रोफ’मध्ये लेखकांचा फडच जमवला, तो कार्यक्रम तुफान चालला. द्युमायेकडे तसला गलका नाही. तो छोटासा प्रश्न विचारतो आणि थांबतो.

१९५७ ची सेलीनची मुलाखत बघा. ज्यूद्वेष्टी पुस्तकं लिहिलेला, युद्ध संपताना पळालेला, डेन्मार्कात तुरुंग भोगून १९५१ मध्ये परतलेला हा लेखक. दुसऱ्या कुणी त्याला फैलावर घेतलं असतं. द्युमाये आवाजही चढवत नाही. हा मवाळपणा झाला का? पहिल्यांदा पाहताना मलाही तसंच वाटलं, थोडा रागही आला. पण सेलीन बोलत राहतो, कुरकुरतो, स्वतःची कीव करतो, आणि आपल्याच विरुद्ध साक्ष देत बसतो. द्युमाये आणि देग्रोप जुने खटले दूरचित्रवाणीवर पुन्हा उभे करत, हे इथे आठवतं. साक्षीदाराला मध्येच तोडायचं नसतं, हे त्याला पक्कं ठाऊक असणार.

नंतर द्युमायेला जोडीदार मिळाला, रोबेर बोबेर. बर्लिनमध्ये जन्मलेला, लहानपणी कुटुंबासह फ्रान्सला आलेला ज्यू. आधी शिंपीकाम, मग कुंभारकाम, मग सिनेमा. (कापणं आणि जोडणं त्याला कुणी नव्याने शिकवायची गरज पडली नसावी!) दोघांनी १९९२ मध्ये फ्रेंच लेखिका मार्गरीत द्युरासवर पट केला. द्युमायेने १९६४ मध्ये तिची मुलाखत घेतली होती. तीच तिला पुन्हा दाखवली. मोठ्या आजारातून उठलेली, आवाज पार बदललेला, अशी ती म्हातारी बाई पडद्यावरच्या पन्नाशीतल्या स्वतःकडे बघते. लेखक आपलाच वाचक होतो तो क्षण असा समोर दिसतो. दाखवायचं काय, याचं याहून चांगलं उत्तर मला अजून सापडलेलं नाही.

त्याच वर्षी बोबेरने आपला मित्र, फ्रेंच लेखक झॉर्झ पेरेक याच्यावर पट केला. पेरेक १९८२ मध्ये गेला होता, त्यामुळे प्रश्न विचारायला समोर कुणीच नव्हतं. बोबेरने काय करावं? पॅरिसच्या बेलव्हिल भागातली विलँ गल्ली घेतली. पेरेकचं बालपण तिथलं. १९६९ पासून काही वर्षं तो तिथे जाऊन घर नंबरवार नोंदी करत असे: हे दुकान बंद, ही खिडकी विटांनी बुजवलेली. पुढे गल्ली जवळजवळ सगळी पाडली गेली. आता तिथे उद्यान आहे. बोबेरने जुने फोटो गोळा करून ती घरामागून घर पुन्हा उभी केली.

२४ नंबरला पेरेकच्या आईचं बायकांचे केस कापायचं दुकान होतं. १९४३ मध्ये तिला आउशवित्झला नेलं. दारावरची ‘क्वाफ्यूर दाम’ ही पुसट अक्षरं मात्र भिंतीवर पुढे कितीतरी वर्षं तशीच होती. पेरेकने ती वहीत टिपून ठेवली, आणि फोटोंमध्ये ती अजून वाचता येतात.