गाभारा रेक्टरचा, मंडप गावाचा

(मंडळातल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

अध्यक्षांनी ओळख करून देताना मला ‘चर्चच्या वास्तुकलेचे अभ्यासक’ केलं. अभ्यासक वगैरे काही नाही, मी एक चिडलेला घरमालक आहे. आणि तुमच्यापैकी ज्यांनी इथे इंग्लंडमध्ये घर घेतलंय, त्यांनाही चिडायचा पूर्ण अधिकार आहे, त्यांना अजून ते कळलेलं नाही एवढंच.

विषय जाहीर केलाय तो असा: ‘इंग्लंडमधल्या खेड्यातलं चर्च, इतिहास आणि बांधणी’. उद्या आपली सहल सफोकमध्ये लॅव्हनमला जाणार, त्याची ही पूर्वतयारी. बांधणीकडे येतोच. आधी माझं वकिलाचं बिल.

घर घेताना ते बिल येतं. त्यात घराच्या तपासण्यांचे, म्हणजे ‘सर्च’चे पैसे लावलेले असतात. ‘लोकल सर्च’ समजतं, ‘ड्रेनेज सर्च’ समजतं. त्याखाली ‘चॅन्सेल सर्च’ नावाची एक ओळ असते. मी फोन केला. पलीकडच्या बाई म्हणाल्या, ‘ते सगळ्यांनाच असतं.’ सगळ्यांनाच काय, ताप पण येतो! मग सर्चचा निकाल आला, ‘धोका असण्याची शक्यता’. कसला धोका? एखाद्या चर्चच्या गाभाऱ्याचं छप्पर गळायला लागलं, तर दुरुस्तीचा खर्च माझ्याकडून वसूल होऊ शकतो. कुठल्या चर्चच्या? ते मात्र सांगता येणार नाही, पण विमा घ्या. माझ्या खिडकीतून एक पेट्रोल पंप दिसतो आणि एक चिप्सचं दुकान. घरात गणपती. त्याच्या वर्गणीची पावती तरी मिळते. विमा भरला, करतो काय! तुमच्यापैकी कोणी कोणी भरलाय? हात वर करा. बघा, पहिल्या रांगेत तर एकादशीवाले काकासुद्धा आहेत.

तर हा चॅन्सेल म्हणजे चर्चचा पूर्वेकडचा भाग, जिथे वेदी असते आणि धर्मगुरू उभा राहतो. आपण गाभारा म्हणू. पश्चिमेकडचा लांब भाग म्हणजे नेव्ह, लोकांनी बसायचा सभामंडप. बाहेरून ही एकच इमारत दिसते, पण खर्चाच्या वहीत त्या दोन आहेत. मध्ययुगापासून रिवाज असा की गाभारा राखायचा रेक्टरने, म्हणजे गावच्या मुख्य धर्मगुरूने, आणि मंडप राखायचा गावाने. रेक्टरला बदल्यात गावाच्या पिकाचा दहावा हिस्सा मिळायचा, तोच टाइद. आपल्याकडे देवस्थान इनामाची जमीन असते ना, जमीन खा पण देवाचा दिवाबत्ती-नैवेद्य सांभाळ, तसाच हा व्यवहार.

घोळ पुढे झाला. बऱ्याच गावांचं रेक्टरपण मठांनी आपल्याकडे घेतलं होतं. दहावा हिस्सा मठाला, आणि गावात पूजाअर्चेला ठेवलेला विकर. मग 1536 ते 1540 या काळात आठव्या हेन्रीने मठच बरखास्त केले आणि त्यांची मालमत्ता विकायला काढली. टाइद सरदारांनी घेतला, व्यापाऱ्यांनी घेतला, आणि त्याबरोबर गाभाऱ्याचं छप्परही गळ्यात आलं. पुढे गावाच्या जमिनींची फेरवाटणी झाली, तेव्हा ठिकठिकाणी टाइदच्या बदल्यात जमीनच तोडून दिली गेली. आता छप्पर त्या जमिनीला चिकटलं. जमीन ज्याच्या हातात, छप्पर त्याच्या डोक्यावर.

शेक्सपिअरच्या स्ट्रॅटफर्डजवळ ॲस्टन कॅन्टलो नावाचं खेडं आहे. त्याच्या आईवडिलांचं लग्न तिथल्या चर्चमध्ये झालं असं परंपरा सांगते. त्याच चर्चने गावातल्या एका शेतकरी दांपत्याला 1990 मध्ये नोटीस धाडली, गाभारा दुरुस्त करून द्या. का, तर त्यांच्या शेतात एक तुकडा असा होता, जो 1743 च्या फेरवाटणीत टाइदच्या बदल्यात दिलेला होता. 1743! पानिपत व्हायला अजून अठरा वर्षं होती. दांपत्य कोर्टात गेलं. 2001 मध्ये अपील कोर्टात जिंकलं, 2003 मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये, म्हणजे तेव्हाच्या सर्वोच्च न्यायालयात, हरलं. नुसत्या दुरुस्तीचा आकडा 1 लाख 86 हजार पौंडांच्या वर गेला, वकिलांचे पैसे वेगळे. शेवटी शेत विकावं लागलं. टाइद खाणारे कधीच मातीत गेले होते. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ते हेच.

चर्च समितीवर मी सगळा राग काढत नाही. हक्क सोडून दिला तर आपल्यालाच व्यक्तिशः भरपाई द्यावी लागेल, अशी धास्ती सभासदांनाही होती. बरं, गंमत बघा. मंडपासाठी गावाकडून सक्तीने घेतली जाणारी चर्चपट्टी 1868 मध्ये रद्द झाली. ती बॅप्टिस्ट, क्वेकर अशा या चर्चबाहेरच्या पंथांनासुद्धा भरावी लागायची, त्यांनी कित्येक वर्षं भांडून बंद पाडली. मंडप असा ऐच्छिक देणगीवर आला, गाभारा मात्र सक्तीचाच राहिला. ऑक्टोबर 2013 पर्यंत जमिनीच्या दप्तरात नोंद करा, नाहीतर पुढच्या खरेदीदारावर हक्क चालणार नाही, असं सरकारने ठरवल्यावर कुठे जरा आळा बसला. विमा विकणारे अजून विकतातच.

चिठ्ठी आली, पाच मिनिटं. वाटलंच! आता बांधणी पळत पळत.

माझं म्हणणं एवढंच, की खेड्यातल्या चर्चमध्ये शिरलात की आधी खर्च कोणी केला ते विचारा, शैलीचं नाव नंतर. अरुंद टोकदार खिडकी दिसली तर साधारण तेरावं शतक, दगडी जाळीची नक्षी फुलली की चौदावं, उभ्या सरळ पट्ट्यांची प्रचंड काच असेल तर पंधरावं किंवा त्यानंतरचं. हे कुठल्याही माहितीपत्रकात मिळेल. पण एकाच चर्चमध्ये मंडप उंच, लखलखीत आणि गाभारा ठेंगणा, जुना, असं का दिसतं?

लॅव्हनम घ्या. गाभारा चौदाव्या शतकातला. मंडप आणि बुरूज 1485 नंतरच्या चाळीसेक वर्षांतले, लोकरीच्या कापडाच्या पैशावर उभे राहिलेले. बुरूज 141 फूट. त्याच्या पायथ्याशी ऑक्सफर्डच्या अर्लची, म्हणजे सरदाराची, निशाणी, पाच टोकांचा तारा, आणि माथ्याच्या कठड्यावर टॉमस स्प्रिंग या कापड व्यापाऱ्याचं कुलचिन्ह, एकदा नव्हे, पुन्हा पुन्हा. 1523 मध्ये तो वारला, तेव्हा मृत्युपत्रात बुरुजासाठी 200 पौंड ठेवून गेला. एवढा पैसा ओतला, तरी गाभाऱ्याचं छप्पर खालीच राहिलं. कारण ते गावाचं काम नव्हतं! उद्या बाहेर दक्षिणेच्या बाजूला उभे राहा, मंडपाचं छप्पर जिथे संपतं तिथे नजर न्या. ती पायरी म्हणजे दोन खातेदारांमधला बांध.

दुसरी खूण बऱ्याच चर्चमध्ये सापडते. दोन भागांच्या मध्ये लाकडी पडदा, त्यावर सज्जा आणि सज्जावर क्रूस असायचा. धर्मसुधारणेत क्रूस आणि सज्जे काढून टाकले, पण भिंतीतला जिना तसाच राहिला. म्हणून भिंतीत वर उंचावर एक छोटं दार दिसतं, जे कुठेच उघडत नाही.

खिडक्या, घंटा, गाभाऱ्याच्या बाजूचं पाद्र्याचं स्वतंत्र दार, हे सगळं राहिलं. बसमध्ये माईक मिळाला तर सांगेन. विम्याचे पैसे परत मिळतात का, असं मागून कोणीतरी विचारतंय. नाही हो काका, मिळत नाहीत. मी विचारून झालंय.