गावच्या ग्रुपवर आलेली फाइल

गावच्या व्हाट्सॲप ग्रुपवर सकाळी सकाळी एक फाइल येऊन पडते, नाव 'पीएम किसान योजना डॉट एपीके'. टाकणारा कुणी परका नसतो, आपल्याच गल्लीतला असतो, दिवाळीला घरी फराळाला येणारा. खाली लिहिलेलं असतं, हप्ता अडकलाय, केवायसी करून घ्या, आज शेवटची तारीख.

आता मराठवाड्यात हा मेसेज कुणाला खोटा वाटंल, सांगा बरं. पीएम किसानचे वर्षाला ६००० रुपये, दोन-दोन हजाराच्या तीन हप्त्यांत. वरून नमो शेतकरीचे, मग पीकविमा, मग २०२५ च्या सप्टेंबरात बीड, धाराशिव, लातूरकडं रानंच्या रानं पाण्याखाली गेली त्याचं अनुदान, आणि ह्या सगळ्याला आधार लिंक पाहिजे, ई-केवायसी पाहिजे, फार्मर आयडी पाहिजे. केवायसीपायी ज्याचे पैसे खरोखर अडकलेले आहेत तो माणूस असा मेसेज वाचला की फाइल दाबणारच. त्याला अडाणी म्हणणं सोडा आधी. आपल्या माणसाला कशाची घाई असते ते चोराला बरोबर माहितीय, त्यानं नेमकं तिथंच बोट ठेवलंय.

(दृश्य: हातातला फोन, स्क्रीन जवळून)

दाबल्यावर काय काय होतं ते आता सावकाश बघू. पहिल्यांदा फोन स्वतःच अडवतो, म्हणतो व्हाट्सॲपवरून ॲप टाकायची परवानगी नाही, सेटिंगमध्ये जाऊन द्या. माणूस जातो, ते बटण चालू करतो. मग इन्स्टॉल. मधी प्ले प्रोटेक्टची, म्हणजे ॲप तपासणाऱ्या गूगलच्या राखणदाराची, लाल खूण येऊ शकते, पण त्याच्याखाली 'तरीही टाका' असं पण असतं, आणि हप्त्याची घाई असल्यावर तेच दाबलं जातं. ॲप उघडलं की वर सरकारी चिन्ह, खाली फॉर्म, त्यात नाव, आधार नंबर, एटीएम कार्डाचा नंबर, कधी कधी पिन सुद्धा. आणि मग विचारतं, मेसेज वाचू का? अलाउ. इथंच सगळा खेळ झाला. आता बँकेचा ओटीपी तुमच्या फोनवर येणार आणि त्याच घडीला चोराकडं पण जाणार. कित्येकदा ॲपचं चित्र स्क्रीनवरून गायब होतं, माणसाला वाटतं फाइल चालली नाही, तो फोन खिशात घालतो आणि रानात निघून जातो.

फाइल ओळखीच्या नंबरवरून का येते, ते पण ह्याच्यातच आहे. मेसेज वाचता यायला लागले की व्हाट्सॲपचा ओटीपी पण वाचता येतो, मग चोर आपल्या फोनवर तुमचं व्हाट्सॲप उघडतो आणि तुमच्याच नावानं सगळ्या ग्रुपवर तीच फाइल सोडतो. म्हणून गल्लीतल्या ज्या माणसानं ती टाकली, त्याला फोन करून विचारा, तो म्हणंल मी काहीच पाठवलं नाही, आणि ते खरंच असतं.

एपीके म्हणजे काय पण? अँड्रॉइडचं ॲप ज्या फाइलमध्ये बांधून येतं ती. आत कोड असतो, चित्रं असतात आणि कुठल्या कुठल्या परवानग्या लागणार त्याची यादी असते. प्ले स्टोअरवरून पण शेवटी तेच उतरतं, तवा फाइल मुळातच वाईट असं काही नाही. प्रत्येक ॲपवर बनवणाऱ्याची एक डिजिटल सही असते, अन् फोनमध्ये असलेल्या ॲपवर दुसऱ्या सहीचं अपडेट बसतच नाही. म्हणजे फोनमधल्या बँकेच्या खऱ्या ॲपच्या जागी चोर आपलं अपडेट बसवू शकत नाही, त्याला दरवेळी नवीन ॲपच टाकायला लावावं लागतं. 'आमचं नवीन व्हर्जन आलंय, ह्या फाइलवरून घ्या' असं कुणी म्हणलं तर एवढी एक गोष्ट ध्यानात राहू द्या.

आपल्याकडं बाहेरून ॲप टाकायची सवय जुनीच. नेटपॅक महाग होता तवा एसटी स्टँडवर बसून पोरं शेअरइटनं ॲप द्यायची घ्यायची. २०२० च्या जूनमध्ये टिकटॉकसकट ५९ चिनी ॲप बंद झाले, त्यात शेअरइट पण होतं, सप्टेंबरात पबजी गेलं, मग पोरं एपीके शोधत नेटभर फिरली. त्याच्याआधी तर फोनमध्ये 'अननोन सोर्सेस' असं एकच बटण असायचं, एकदा उघडलं की सगळ्यांनाच रस्ता मोकळा. २०१७ ला अँड्रॉइड ८ आलं तवापासून ही परवानगी ॲपनिहाय झाली, पण एकदा दिलेली कुणी परत बंद करत नाही. आत्ताच्या आत्ता सेटिंगमध्ये 'इन्स्टॉल अननोन ॲप्स' शोधा आणि व्हाट्सॲपसमोर, क्रोमसमोर काय लिहिलंय ते वाचा. चालू असंल तर बंद करा.

म्हणून बाहेरून ॲप टाकायची वाटच बुजवा, असं मी म्हणणार नाही. एफ-ड्रॉइड नावाचं फुकट ॲपचं दुकान, प्ले स्टोअरच्या बाहेरचं, २०१० पासून चालू आहे, तिथल्या ॲपचा कोड कुणीपण उघडून वाचू शकतं, आणि अशा लोकांचं काम मला मोलाचं वाटतं. उलट प्ले स्टोअरवर आहे म्हणून डोळे झाकायचे असं पण नाही, २०२२ मध्ये गूगललाच भारतातल्या ३५०० च्या वर कर्जाच्या ॲपवर कारवाई करावी लागली होती. आता गूगलनं २०२५ मध्ये जाहीर केलंय की बाहेरून येणाऱ्या ॲपच्या बनवणाऱ्यानं पण आपली ओळख नोंदवायची, सुरुवात सप्टेंबर २०२६ ला ब्राझील, इंडोनेशिया, सिंगापूर, थायलंडमध्ये, बाकी देशांत पुढं. एफ-ड्रॉइडवाल्यांनी उघड विरोध केलाय, आणि त्यांची काळजी मला पटते, कारण ॲप बनवायला एका कंपनीची परवानगी लागायला लागली तर लहान माणूस मागं राहतो.

आणि फाइल दाबून झालीच असंल तर लाजू नका, लपवू नका. आधी नेट बंद, सिम काढा. दुसऱ्या कुणाच्या फोनवरून १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला, फोन लावा, जेवढं लवकर तेवढे पैसे मधीच अडवायचा चान्स जास्त. मग बँकेला सांगून खातं, कार्ड, यूपीआय थांबवा. ग्रुपवर दुसऱ्याच्या नंबरवरून कळवा की ती फाइल कुणी उघडू नका. पासवर्ड बदलायचे ते दुसऱ्या फोनवरून, आणि तुमचा फोन सगळा साफ करून म्हणजे फॅक्टरी रिसेट मारूनच परत सिम घाला. बँकेत जाताना पासबुक आणि १९३० वर मिळालेला तक्रारीचा नंबर कागदावर लिहून सोबत न्या.