वसुलीची नोटीस आली, आता?

नमस्कार श्रोतेहो.

मंगळवेढ्याकडचं एखादं गाव डोळ्यांसमोर आणा. मागे तिथं नळपाणी योजना झाली. टाकी दिमाखात उभी आहे, पाणी मात्र अर्ध्याच गावाला. लेखापरीक्षणात आक्षेप निघतो आणि एक दिवस माजी सरपंचांच्या हातात कागद पडतो: अपहाराची निम्मी रक्कम तुमच्याकडून, निम्मी ग्रामसेवकाकडून. सात दिवसांत भरा, नाहीतर जमीन महसुलाची थकबाकी समजून वसूल करू.

खरी मेख या शेवटच्या वाक्यात आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मधल्या कलम १७६ प्रमाणे अशा थकबाकीसाठी जप्ती होते, लिलाव होतो, अटकसुद्धा होऊ शकते. सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात बोजा चढला, की पीककर्जाला सोसायटी हात आखडता घेते, ते वेगळंच.

अशी माणसं हायकोर्टात जातात. त्यांना वाटतं, साहेब आधी विचारणार, पैसे खाल्ले का? रिट याचिकेत, म्हणजे सरकारी आदेशाविरुद्ध थेट हायकोर्टात केलेल्या अर्जात, तो प्रश्न सहसा पहिला येत नाही. रक्कम कोणी ठरवली, कोणत्या अधिकारात, आणि तुमचं म्हणणं ऐकून घेतलं का, हे आधी बघतात. अपिलाची सोय असेल तर ‘आधी तिकडे जा’ असंही सांगतात. पण सुनावणीच दिली नसेल, तर थेट दाद मागायला वाव राहतो.

अशाच वसुलीविरुद्ध ठेकेदारांना १९८७ चा एक निकाल अजून उपयोगी पडतो. कर्नाटक सरकार विरुद्ध श्री रामेश्वर राइस मिल्स. करार मोडला की नाही यावरच वाद असेल, तर करारातला एक पक्ष असलेल्या सरकारनं स्वतःच निवाडा करून नुकसानभरपाई महसुलासारखी वसूल करायची नाही, असं सर्वोच्च न्यायालय म्हणालं. फिर्यादी तोच आणि पंचही तोच, हे चालायचं नाही. कर्मचारी मंडळी मात्र २०१४ चा रफिक मसीह निकाल घेऊन धावतात. तो चुकून जास्त दिलेल्या पगाराबद्दल आहे. अपहाराच्या वसुलीत त्याच्या भरवशावर राहू नये.

नोटीस रद्द झाली की गावात गुलाल उधळतात. जरा दमानं घ्या. बहुतेक वेळा कोर्ट एवढंच म्हणतं, की सुनावणी देऊन नव्यानं निर्णय करा. म्हणजे प्रकरण पुन्हा त्याच टेबलावर. माझं मत विचाराल, तर यात कचेरीचाही दोष आहे. चौकशी घाईत उरकायची, दोन ओळींचा आदेश काढायचा, मग तो कोर्टात टिकत नाही आणि गावाचे पैसे अडकून राहतात. आदेशात नसलेली कारणं मागाहून प्रतिज्ञापत्रात घुसडता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयानं १९७७ मध्ये मोहिंदरसिंग गिल प्रकरणातच सांगून ठेवलंय.

म्हणून पहिल्या नोटिशीलाच लेखी उत्तर द्या आणि पोच घ्या. माहिती अधिकारात मोजमाप पुस्तकाची नक्कल काढा. ऑफिसात त्याला एमबी म्हणतात. पाइपलाइनची लांबी, चरीची खोली, मोजमापाची तारीख, अभियंत्याची सही, सगळं त्यात असतं. चर तीन फूट लिहिलीय आणि जागेवर दीडच फूट निघाली, तर मापं लिहिणाऱ्याला सोडून फक्त चेकवर सही करणाऱ्यांकडून वसुली का, हा प्रश्न तिथंच विचारता येतो.

महिला सरपंचांसाठी वेगळं सांगायला हवं. कारभार कोणी हाकला हे गावाला ठाऊक असतं, पण नोटीस बाईंच्या नावावर येते आणि बोजाही त्यांच्याच जमिनीवर चढतो. सह्या दुसऱ्याच्या सांगण्यावरून केल्या, एवढ्यानं सुटका होत नाही. काय वाचायला दिलं, काय दडवलं, हे कागदानिशी मांडावं लागतं. त्यासाठी वकील परवडत नसेल, तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. महिलांना उत्पन्नाची अट न लावता तिथं मोफत वकील मिळू शकतो. आणि हायकोर्टासाठी आता मुंबई गाठायला नको. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच सुरू झालंय, आपला सोलापूर जिल्हा त्यातच येतो.

नमस्कार.