अंजनेरीची गिधाडं आणि आपला कॅमेरा

नमस्कार! नाशिकहून त्र्यंबकच्या रस्त्याला लागलं की डावीकडे अंजनेरीचा कडा दिसतो. त्या कातळावर पांढरे फराटे दिसतात ना? ती गिधाडांची विष्ठा. लांब चोचीची गिधाडं तिथल्या कपारींत राहतात. मला या कड्याचं वेड आहे. म्हणूनच आज लेन्सबद्दल नाही, अंतराबद्दल बोलायचंय.

गिधाड म्हणजे पाच-सहा किलोचा जड पक्षी. भल्या सकाळी ते सहसा उडतच नाही. ऊन चढतं, कातळ तापतो, गरम हवा वर उठायला लागते, आणि मग ते पंख न हलवता त्या हवेवर गिरक्या घेत वर जातं. तोवर थांबायचं. उडतानाचा फोटो हवा म्हणून कड्याकडे दगड भिरकावणारी, आरोळ्या ठोकणारी माणसं मी पाहिली आहेत. मला त्याचा संताप येतो. कारण जोडी वर्षाला एकच अंडं घालते. नर-मादी आळीपाळीने ते साधारण सात आठवडे उबवतात. घाबरून पक्षी उठला आणि अंडं गेलं, तर त्या जोडीचं ते वर्ष बहुतेक वाया जातं. म्हणून घरट्याजवळ ड्रोन नको, आणि फोटोसोबत घरट्याचं लोकेशनही टाकू नका.

पावसाळ्यात पठारावर जाणाऱ्यांनीही सांभाळून. फुलांसाठी आपण पालथे पडतो, पण अंजनेरीचं नाव मिळालेलं कंदीलपुष्प, सेरोपेजिया अंजनेरिका, त्याच गवतात उगवतं. कोपर टेकण्याआधी खाली बघा.

आता कड्यावरून खाली, गोठ्यात येऊ. गिधाडं संपत आली ती प्रामुख्याने डायक्लोफेनॅकमुळे. हे वेदनाशामक टोचलेलं जनावर थोड्याच दिवसांत मेलं आणि गिधाडांनी ते खाल्लं, तर त्यांच्या किडन्या निकामी होतात. २००६ मध्ये जनावरांसाठी त्यावर बंदी आली. पण माणसांचं औषध गोठ्यात वापरलं, तर परिणाम तोच. मेलोक्सिकॅम हा गिधाडांना सुरक्षित असलेला पर्याय आहे. मला विचाराल, तर डोंगरावर फोटो काढणाऱ्याचं अर्धं काम इथे आहे. पायथ्याच्या गावात चहाला थांबलात की काढलेले फोटो तिथल्या लोकांना दाखवा, हा पक्षी मेलेली जनावरं साफ करतो हे सांगा. आणि तुमच्या घरी गाई-म्हशी असतील, तर पुढच्या वेळी जनावरांच्या डॉक्टरांना आवर्जून विचारा: इंजेक्शन कोणतं देताय?