लेहची धावपट्टी

नमस्कार, श्रोतेहो.

लेहला जायचं तर विमान सकाळचंच मिळतं आणि त्यासाठी आदली रात्र दिल्लीच्या विमानतळावर खुर्चीत बसून काढावी लागते, ही तक्रार दर मे महिन्यात माझ्या कानावर येते. आज तिचं उत्तर देते. पण त्याहीपेक्षा मला तुम्हाला सांगायची आहे ती त्या धावपट्टीची जन्मकथा. ती सांगायची संधी मी कधी सोडत नाही.

आधी उत्तर. लेहचा विमानतळ समुद्रसपाटीपासून ३,२५६ मीटर उंचीवर आहे, आपल्या कळसूबाईच्या जवळजवळ दुप्पट. तिथली हवा मुंबईच्या हवेपेक्षा पाव हिश्श्याहून जास्त विरळ. तिथे कुकरशिवाय डाळ धड शिजत नाही, हे जाऊन आलेल्यांना ठाऊक आहे. विमानालाही हीच अडचण. पंखांना उचलायला हवा लागते, इंजिनाला जाळायलाही हवा लागते, आणि इथे हवाच कमी. मग विमानाला जास्त वेगाने धावावं लागतं, जास्त लांब धावावं लागतं, वजनही बेताचं ठेवावं लागतं. त्यात ऊन चढलं की हवा तापते आणि आणखी विरळ होते. दुपारनंतर दरीत वाराही सुटतो. म्हणून बहुतेक प्रवासी विमानं सकाळीच येतात आणि सकाळीच परततात. पुन्हा सांगते, म्हणजे लक्षात राहील: हवा विरळ, दुपारी ती आणखी विरळ, शिवाय वारा. त्यासाठी पहाटेचं जागरण.

भोवताली डोंगर असल्यामुळे विमान ज्या बाजूने उतरतं, त्याच बाजूने परत उडतं. वैमानिकांना या विमानतळासाठी वेगळं प्रशिक्षण घ्यावं लागतं. उतरताना खाली सिंधू नदी दिसते, दोन्ही अंगांना उघडेबोडके, पिवळसर, तपकिरी, मध्येच जांभळट डोंगर. वर्षाला जेमतेम शंभर मिलीमीटर पाऊस पडणारा हा मुलूख. नदीकाठी हिरवी रेघ आणि बाकी सगळा दगडगोट्यांचा माळ. अशा वेळी खिडकीचं शटर ओढून मोबाइलवर मालिका बघणारी माणसं मी पाहिली आहेत. मला फार वाईट वाटतं. लहान मुलांना तरी खिडकीजवळ बसवा. त्यांना भूगोलाच्या पुस्तकात जे सापडणार नाही, ते तिथे अर्ध्या तासात दिसतं.

आता कथा.

१९४८ सालचा फेब्रुवारी महिना. काश्मीरवर टोळीवाल्यांचं आक्रमण होऊन चार महिने झाले होते. गिलगिट हातचं गेलं होतं, स्कार्दूला वेढा पडला होता. तिथून सिंधूच्या काठाकाठाने लेह गाठता येत होतं, आणि लेहच्या राखणीला होती मूठभर माणसं. कुमक पाठवायची तर श्रीनगरहून जोजिला ओलांडून जायचं. जोजिला म्हणजे साडेअकरा हजार फुटांवरची खिंड, आणि तीही फेब्रुवारीत, बर्फाचे कडे केव्हा कोसळतील याचा नेम नाही. मेजर पृथी चंद पुढे आले. ते स्वतः लाहौलचे, बर्फातच वाढलेले. जवळपास चाळीस स्वयंसेवक जवान घेऊन ते निघाले. या तुकडीबरोबर एक अभियंता होते, लडाखचेच सुपुत्र, सोनम नोरबू. हे नाव लक्षात ठेवा. सोनम नोरबू.

ही माणसं बर्फ तुडवत जोजिला पार करून मार्चमध्ये लेहला पोचली. पृथी चंदांनी गावच्या तरुणांना बंदूक धरायला शिकवायला घेतलं. सोनम नोरबूंनी हाती घेतलं दुसरंच काम. सैन्य चालत येणार, बर्फ वितळायची वाट बघत बसणार, तोवर शत्रू दारात. मग येणारं सैन्य आकाशातूनच यायला हवं. आणि त्यासाठी विमान उतरेल अशी जागा हवी.

जागा त्यांनी निवडली सिंधूजवळच्या माळावर, स्पितुक मठाच्या अंगाला. यंत्रं नव्हती. रोलर नाही, बुलडोझर नाही, डांबराचा तर प्रश्नच नाही. होती ती कुदळ, फावडं आणि गावोगावची माणसं. आता जरा विचार करा. मार्च महिन्यातला लेह. रात्री पारा शून्याच्या कितीतरी खाली, जमीन गोठून दगडासारखी. त्या जमिनीतले गोटे एकेक उकरून काढायचे, खळगे भरायचे, माती चोपायची, आणि हे थोडंथोडकं नाही, २,३०० यार्ड. दोन किलोमीटरहून लांब पट्टी. कितीतरी मजुरांनी विमान कधी जवळून पाहिलेलंही नसणार. जे पाहिलं नाही त्याच्यासाठी ते जमीन सपाट करत होते. आणि एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात पट्टी तयार झाली. महिन्याभराच्या आत! पुन्हा सांगते, कुदळ-फावड्याने, गोठलेल्या जमिनीत, महिन्याभराच्या आत दोन किलोमीटरहून लांब धावपट्टी.

पट्टी तयार, पण उतरणार कोण? मे महिन्यात कारगिल पडलं. जोजिलाची वाट तुटली. लेह आता खरोखर एकटं पडलं. काश्मीरच्या मोहिमेची सूत्रं मेजर जनरल थिमय्यांकडे होती, आणि हवाई दलात त्यांच्या जोडीला होते एअर कमोडोर मेहर सिंग. दुसऱ्या महायुद्धात ब्रह्मदेशच्या आघाडीवर नाव कमावलेले, जवानांचे लाडके ‘बाबा’ मेहर सिंग. थिमय्यांनी त्यांना विचारलं, लेहला विमान उतरवता येईल का? मेहर सिंग तयार झाले, पण तुम्हीही माझ्याबरोबर विमानात बसायचं, अशी अट त्यांनी घातली, असं सांगतात. थिमय्या बसले.

विमान होतं डकोटा. आजच्या विमानात केबिनमधल्या हवेचा दाब राखलेला असतो. डकोटात तशी सोय नव्हती. दोन पंख्यांची इंजिनं, आणि समोर वीस हजार फुटांच्या वर चढलेली शिखरं. त्या वाटेने त्याआधी लेहला कुणी विमान नेलेलं नव्हतं. उतरायची पट्टी वैमानिकाने पाहिलेली नव्हती, आणि पट्टी करणाऱ्यांनी तिच्यावर विमान उतरताना पाहिलेलं नव्हतं. दोघांनी एकमेकांच्या कामावर विश्वास ठेवला. २४ मे १९४८ रोजी बाबा मेहर सिंगांचा डकोटा धुरळा उडवत लेहच्या मातीवर उतरला. विमान शाबूत, माणसं शाबूत!

गाव धावत आलं. काही लोक विमानासाठी गवताचे भारे घेऊन आले, असं आजही सांगितलं जातं. पुष्कळ जण हा किस्सा हसण्यावारी नेतात. मला ते मुळीच पटत नाही. खिंडी ओलांडून आलेल्या पाहुण्याच्या जनावराला आधी चारा, मग पाहुण्याला चहा, ही त्या मुलखाची रीत. मे महिन्यात, जिथे गवताची काडी जपून ठेवतात तिथे, घरातला चारा उचलून आणणं हा केवढा मोठा मान! आपल्याकडेही दारी आलेल्याच्या बैलांना आधी पाणी दाखवायचे. ती चाल आपण सोडली, याचंच मला जास्त वाटतं.

पुढच्या काही दिवसांत डकोटांच्या फेऱ्या सुरू झाल्या. गुरखा जवान आले, दारूगोळा आला. मनालीकडूनही सैन्य डोंगर तुडवत निघालं. लेह वाचलं. मेहर सिंगांना आणि पृथी चंदांना महावीर चक्र मिळालं.

आणि आता या कथेतला माझा सगळ्यात आवडता भाग. धावपट्टीसाठी सोनम नोरबूंना दिले होते तेरा हजार रुपये. खर्च झाला दहा हजार आठशे एक्क्याण्णव. उरलेले दोन हजार एकशे नऊ रुपये त्यांनी सरकारी खजिन्यात परत भरले. लढाई दारात आलेली, हिशेब विचारायला कुणी यायची शक्यता नाही, आणि हा माणूस शिल्लक परत करतो! तेरा हजारांतून दोन हजार एकशे नऊ परत. अभियांत्रिकीच्या प्रत्येक महाविद्यालयात पहिल्याच दिवशी हे सांगावं, असं माझं ठाम मत आहे. लढायांच्या तारखा आपण मुलांकडून घोकून घेतो, पण रस्ते, पूल, धावपट्ट्या बांधणाऱ्यांची नावं आपल्याला सांगता येत नाहीत. आपल्या खंडाळ्याचा घाटच घ्या, रेल्वेसाठी तो फोडताना किती मजूर गेले. त्यांच्यातलं एक नाव तरी आपल्याला माहीत आहे का? असो, तो विषय पुन्हा कधीतरी.

आज या विमानतळाला नाव आहे कुशोक बकुला रिन्पोचे यांचं. ते स्पितुक मठाचे प्रमुख लामा. धावपट्टीच्या टोकाला टेकडीवर दिसतो तोच मठ. नवीन लडाखच्या जडणघडणीत त्यांचा वाटा फार मोठा. त्यांचं आणि सोनम नोरबूंचं आणखी एक नातं आहे, ते फारसं कुणी सांगत नाही. दोघेही पुढे मंगोलियात भारताचे राजदूत झाले. असाच कोरडा, थंड, अफाट माळांचा आणि बौद्ध धर्माचा देश. बकुला रिन्पोचे १९९० मध्ये तिकडे गेले, तेव्हा मंगोलियात साम्यवादी राजवट मावळत होती आणि अनेक दशकं बंद पडलेले मठ पुन्हा उघडत होते. दहा वर्षं ते तिथे राहिले आणि उलानबातरला त्यांनी एक मठही उभा केला. धावपट्टी बांधणारा एक, धावपट्टीला ज्याचं नाव तो दुसरा, आणि दोघांनाही देशाने पाठवलं ते गवताळ माळांच्या त्याच दूरदेशी.

वेळ थोडा उरलाय, म्हणून भराभर सांगते. हिवाळ्यात जोजिला आणि मनालीकडचे घाट बर्फाने अडले की लेहला जगाशी जोडते ती मुख्यतः ही पट्टी. आजारी माणूस, परीक्षेला निघालेला विद्यार्थी, ताजी भाजी, औषधं, सगळं विमानाने. २०१० च्या ऑगस्टमध्ये, पाच तारखेच्या रात्री, लेहवर ढगफुटी झाली. चिखलाचे लोंढे बाजारात, घरांत शिरले. गावचं मोठं रुग्णालय चिखलाने भरलं, रुग्णांना लष्कराच्या रुग्णालयात हलवावं लागलं. धावपट्टीवरही राडारोडा आला होता. तो उपसून ती मोकळी केली गेली आणि हवाई दलाची मदतीची विमानं उतरली. त्या रुग्णालयाला नाव कुणाचं आहे, माहितीये? सोनम नोरबूंचं.

तेव्हा यंदा लेहला जाणार असाल तर एवढंच करा. विमानाने थेट उंचावर पोचता, शरीराला सवय व्हायला वेळ लागतो. पहिले दोन दिवस पडून राहा, पाणी भरपूर प्या, जिने धावत चढू नका. सहा दिवसांत पँगाँग, नुब्रा, खारदुंग ला, सगळं बसवून देणाऱ्या सहली मला मंजूर नाहीत. दोन दिवस जास्त घ्या, एखादं ठिकाण कमी करा. डोकं ठणकू लागलं, उलट्या झाल्या, धाप थांबेना, तर आणखी वर मुळीच जाऊ नका, आणि उद्यावर न ढकलता लगेच सोनम नोरबू रुग्णालय गाठा.

नमस्कार.